आदेश हातात, फाइल भोपाळात: इंदूर खंडपीठातल्या एका अवमान याचिकेचा अभ्यास

हायकोर्टाने बाजूने आदेश दिला, मुदत उलटली आणि खाते ढिम्म हलत नाही, की इंदुरात कोणीही सल्ला देतो, ‘कंटेम्प्ट लावून टाका.’ सल्ला चुकीचा नसतो, अपुरा असतो. अवमान याचिकेतून काय मिळेल हे बहुतेक वेळा ती दाखल होण्याआधीच ठरून गेलेले असते. मूळ आदेशाच्या शेवटच्या परिच्छेदात नेमके काय करायला सांगितले आहे, मुदत कुठून मोजायची आहे आणि आदेश कोणाच्या टेबलावर कोणत्या तारखेला पोचला याची पावती आहे का, या तीन गोष्टींवर सगळे उभे असते.

पुढचे प्रकरण कोणा एका व्यक्तीची फाइल नाही. निवृत्तिवेतनाच्या बाबी मध्य प्रदेश हायकोर्टाच्या इंदूर खंडपीठात ज्या वाटेने जातात ती वाट दिसावी म्हणून ते नमुना म्हणून मांडले आहे. पक्षकार, त्यांच्या तारखा आणि रकमा उदाहरणाच्या आहेत; कलमे, सर्वोच्च न्यायालयाचे निकाल आणि त्यांची वर्षे खरी आहेत.

मूळ वाद

रामबागेत राहणाऱ्या एक बाई सरकारी उच्च माध्यमिक शाळेतून व्याख्याता म्हणून 30 जून 2018 रोजी निवृत्त झाल्या. शेवटचे मूळ वेतन 67,000 रुपये. वार्षिक वेतनवाढ 1 जुलैला लागते. 30 जूनला निवृत्त होणारा माणूस पूर्ण वर्ष काम करूनही त्या दिवशी सेवेत नसतो, म्हणून खाते ती वेतनवाढ नाकारत आले. सर्वोच्च न्यायालयाने 11 एप्रिल 2023 रोजी सी. पी. मुंडिनमनी प्रकरणात हा वाद मिटवला: वेतनवाढ मागच्या वर्षभराच्या कामाची असते, निवृत्ती आदल्या दिवशी झाली म्हणून ती बुडत नाही.

बाईंच्या बाबतीत वेतनवाढीने मूळ वेतन 69,000 होते. पेन्शन निम्मी, म्हणजे 33,500 ऐवजी 34,500. फरक महिन्याला 1,000 रुपये आणि त्यावरची महागाई राहत (पेन्शनवरचा महागाई भत्ता). ग्रॅच्युइटीतही फरक पडतो. 33 वर्षांची पूर्ण सेवा धरली तर साडेसोळा पगार, म्हणजे नुसत्या मूळ वेतनावर 2,000 गुणिले 16.5, एकूण 33,000 रुपये, आणि त्यावर तेव्हाच्या दराने महागाई भत्ता. ग्रॅच्युइटीचा हा आकडा लक्षात ठेवावा. तो पुढे हातचा जाणार आहे.

ऑगस्ट 2023 मध्ये रिट याचिका दाखल झाली. प्रतिवादी चार: राज्य शासनातर्फे शालेय शिक्षण विभागाचे प्रमुख सचिव, लोक शिक्षण आयुक्त (दोघे भोपाळ), जिल्हा शिक्षण अधिकारी इंदूर आणि संकुल प्राचार्य. संभागीय पेन्शन अधिकारी राहून गेले. 18 ऑक्टोबर 2023 रोजी आदेश झाला. त्याचा गाभा असा: 1 जुलै 2018 रोजी देय झालेली एक वेतनवाढ याचिकाकर्तीला द्यावी, पेन्शन पुन्हा निश्चित करावी आणि पेन्शनच्या फरकाची रक्कम आदेशाची प्रमाणित प्रत मिळाल्यापासून 90 दिवसांत द्यावी, न दिल्यास मुदत संपल्यापासून वार्षिक 6 टक्के व्याज लागेल.

हा चांगला आदेश आहे. त्यात ‘द्यावी’ आहे, कोणत्या तारखेची वेतनवाढ ते आहे, मुदत आहे, मुदत मोडली तर काय तेही आहे. खंडपीठातून याच विषयात दुसऱ्या प्रकारचे आदेशही निघतात: ‘याचिकाकर्त्याच्या निवेदनाचा मुंडिनमनी निकालाच्या प्रकाशात विचार करून 90 दिवसांत सकारण आदेश करावा.’ ऐकायला दोन्ही सारखेच वाटतात, वकीलही घरी फोन करून ‘ऑर्डर झाली’ एवढेच सांगतात. पण दुसऱ्या आदेशाचे पालन निवेदन फेटाळूनही होते. अधिकाऱ्याने विचार केला, कारणे लिहिली, नाही म्हटले, की अवमान संपला. ती कारणे चुकीची असतील तर नवी रिट करायची. जे. एस. परिहार विरुद्ध गणपत दुग्गर (1996) या निकालाने ही रेघ पक्की केली आहे: आदेशानुसार अधिकाऱ्याने निर्णय घेतला, तर तो निर्णय बरोबर की चूक हे अवमान न्यायालय पाहत नाही, त्यातून नवे वादकारण जन्मते.

म्हणून रिटच्या अंतिम सुनावणीत सरकारी वकील ‘निवेदनाचा विचार करायला तयार आहोत’ म्हणाले आणि आपल्या वकिलाने लगेच मान हलवली, तर तिथेच अर्धी लढाई सोडून दिली असे समजावे. मुद्दा सर्वोच्च न्यायालयाने आधीच ठरवलेला असताना ‘विचार करा’ला राजी होण्यात अर्थ नाही.

बाईंच्या आदेशात मात्र एक उणीव राहिली. ‘पेन्शन’ आणि ‘पेन्शनच्या फरकाची रक्कम’ आहे. ‘ग्रॅच्युइटी’ किंवा ‘सर्व अनुषंगिक लाभ’ नाही. याचिकेच्या मागणीत ग्रॅच्युइटी होती, आदेशात उतरली नाही. आदेश वाचल्यावर पहिल्याच आठवड्यात दुरुस्तीचा अर्ज करता आला असता. तो कोणी केला नाही.

नव्वद दिवस कुठून मोजायचे

मुदत आदेशाच्या तारखेपासून चालू होत नाही. प्रमाणित प्रत खात्याला मिळाल्यापासून होते. हायकोर्टाच्या संकेतस्थळावरून काढलेली छापील प्रत देऊन कित्येक जण मोकळे होतात आणि वर्षभराने सरकारी वकील शांतपणे म्हणतात की प्रमाणित प्रत आम्हाला मिळालेलीच नाही. बाईंच्या भाच्याने नक्कल शाखेतून 27 ऑक्टोबरला प्रत काढली आणि 3 नोव्हेंबर 2023 रोजी संकुल प्राचार्य व जिल्हा शिक्षण अधिकारी यांच्या कार्यालयात अर्जासोबत प्रत्यक्ष दिली. दुसऱ्या प्रतीवर आवक क्रमांक, तारीख, शिक्का आणि घेणाऱ्याची सही घेतली. भोपाळच्या दोघांना त्याच दिवशी रजिस्टर्ड पोस्टाने पाठवून पोचपावत्या जपून ठेवल्या. हे काम व्यवस्थित झाले.

अर्ज हिंदीत, एका पानाचा, असा असावा: याचिका क्रमांक, आदेशाची तारीख, आदेशाचा कोणता परिच्छेद, काय करायचे आहे, कोणत्या तारखेपर्यंत. सोबत गणनेचा तक्ता. हायकोर्टाचा आदेश इंग्रजीत, खात्याचे टिपण हिंदीत; अशा वेळी बाबूंच्या टेबलावर जे हिंदी पान वर असते तेच वाचले जाते. कोर्टाचे नाव घेऊन धमकावणारी भाषा त्यात नको. हे पान उद्या याचिकेला जोडायचे आहे.

3 नोव्हेंबर सोडून मोजले तर नोव्हेंबरचे 27, डिसेंबरचे 31, जानेवारीचे 31 आणि फेब्रुवारीचा 1. नव्वदावा दिवस 1 फेब्रुवारी 2024. म्हणजे 2 फेब्रुवारीला अवमान घडला.

इथून दुसरे घड्याळ चालू होते आणि ते बहुतेकांना दिसत नाही. न्यायालय अवमान अधिनियम, 1971 च्या कलम 20 प्रमाणे अवमान घडल्यापासून एक वर्ष उलटले की कारवाई सुरू करता येत नाही. हायकोर्टाचा अवमानाचा अधिकार घटनेच्या अनुच्छेद 215 मधून येतो, म्हणून ही मुदत त्याला लागू नाही, असा युक्तिवाद पूर्वी होत असे. पल्लव शेठ विरुद्ध कस्टोडियन (2001) मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की मुदत लागू आहे. फक्त याचिका वर्षाच्या आत दाखल झालेली असावी, नोटीस नंतर निघाली तरी चालते. ‘दर महिन्याला पेन्शन कमी येते, म्हणजे रोज नवा अवमान’ हा दिलासाही फारसा टिकत नाही. एस. तिरुपती राव विरुद्ध एम. लिंगमय्या (2024) मध्ये न्यायालयाने चालू राहणारा अपराध आणि एकदाच घडलेल्या अपराधाचा चालू राहणारा परिणाम यांत फरक केला आहे. मुदतीत पैसे न देणे हे दुसऱ्या खान्यात पडण्याचा धोका मोठा.

बाईंच्या हिशेबाने वर्ष 1 फेब्रुवारी 2025 च्या आसपास संपते. तो शनिवार. सुरक्षित शेवटचा दिवस म्हणजे शुक्रवार, 31 जानेवारी.

भोपाळला पत्र गेले

26 फेब्रुवारी 2024 रोजी वकिलामार्फत नोटीस गेली. 11 मार्चला जिल्हा शिक्षण कार्यालयाने भोपाळला पत्र लिहिले: ‘प्रकरण में मार्गदर्शन चाहा गया है.’ त्याची प्रत बाईंना आली. भाचा म्हणाला, ‘मावशी, फाइल हलली. आता कशाला वैर घ्यायचं?’ आणि सगळे थांबले.

या पत्राला कायद्यात किंमत नाही. हायकोर्टाने काय करायचे ते सांगितल्यावर वरिष्ठांकडून मार्गदर्शन मागणे म्हणजे मुदतवाढ नव्हे. मुदतवाढ हवी तर खात्याने कोर्टात अर्ज करायचा असतो. स्मरणपत्रे, पुन्हा निवेदने, सी.एम. हेल्पलाइनवरची तक्रार, यांपैकी कशानेही कलम 20 चे वर्ष वाढत नाही. हेल्पलाइनची तक्रार तर ‘प्रकरण न्यायालयीन’ असा शेरा मारून बंद करायला सोपी जाते.

पैसे कोणाच्या सहीने निघतात हे कळले असते तर त्या महिन्यांत काही करता आले असते. प्रमुख सचिव बाईंची पेन्शन बदलू शकत नाहीत. वेतनवाढ मंजुरीचा आदेश नियुक्ती प्राधिकाऱ्याच्या पातळीवर निघतो. संकुल प्राचार्य आहरण-संवितरण अधिकारी (पगाराची बिले काढणारा अधिकारी) म्हणून सेवा पुस्तिकेत वेतननिश्चिती नोंदवतात. ती कोष व लेखा कार्यालयाकडून तपासली जाते. मग सुधारित पेन्शन प्रकरण संभागीय पेन्शन कार्यालयात जाते. तिथून सुधारित पीपीओ (पेन्शन पेमेंट ऑर्डर) निघतो आणि बँक फरक जमा करते. आपल्या नमुन्यात फाइल दुसऱ्या पायरीवरच, म्हणजे संकुलात, अडली होती. निवृत्तीनंतर सेवा पुस्तिका नेमकी कोणत्या कार्यालयाच्या कपाटात आहे, हे संकुलाला माहीत नव्हते. हे माहितीच्या अधिकारात एका अर्जाने, 30 दिवसांत कळू शकते, आणि त्या उत्तराचा अवमान याचिकेत दुहेरी उपयोग होतो: काम कोणाकडे अडले हे दिसते आणि त्या अधिकाऱ्याचे नाव मिळते.

याचिका

14 नोव्हेंबर 2024 रोजी, वर्ष संपायला अडीच महिने असताना, अवमान याचिका दाखल झाली. मध्य प्रदेश हायकोर्टात दिवाणी अवमानाची नोंद ‘सी.ओ.एन.सी.’ या प्रकाराने होते आणि सुनावणी एकल पीठापुढे होते. दोन न्यायमूर्तींचे पीठ फौजदारी अवमानाला लागते.

रिटमध्ये पदे प्रतिवादी असतात, अवमानात माणसे. आदेश मोडला तो कोणी, हे नावानिशी सांगावे लागते, आणि मुदतीच्या काळात त्या पदावर कोण होते हे पाहावे लागते. बाईंच्या प्रकरणात जिल्हा शिक्षण अधिकारी सप्टेंबर 2024 मध्ये बदलून गेले होते. याचिकेत फक्त नव्या अधिकाऱ्याचे नाव घातले असते तर ते म्हणाले असते, माझ्या काळात आदेश माझ्यासमोर आलाच नाही. फक्त जुन्याचे घातले असते तर ते म्हणाले असते, आता माझ्या हातात काही नाही. दोघांचीही नावे घातली, जुन्यांची मुदतभंगासाठी, नव्यांची पालनासाठी. आणि नव्या अधिकाऱ्याला याचिकेआधी तीन आठवडे आदेशाची प्रत पुन्हा देऊन पावती घेतली. प्रमुख सचिवांचे नाव मात्र वगळले. सगळ्यात मोठ्या साहेबाचे नाव घातले की खालचे घाबरतील, हा समज कोर्टाच्या वऱ्हांड्यात फार चालतो. प्रत्यक्षात त्याने उत्तर भोपाळहून यायला वेळ लागतो एवढेच.

याचिकेचा मजकूर सहा-सात पानांपेक्षा मोठा असण्याचे कारण नाही. मूळ आदेशातला कार्यकारी परिच्छेद जसाच्या तसा. प्रत्येक प्रतिवादीला प्रत मिळाल्याची तारीख आणि पावती. मुदत संपल्याची तारीख. त्या दिवसापर्यंत काय केले नाही. आदेशाला स्थगिती नाही किंवा अपील झाल्याची माहिती नाही, असे विधान. आणि सोबत शपथपत्र. वेतनवाढ का मिळायला हवी याची चर्चा इथे पुन्हा करू नये. ती केली की समोरच्यालाही तोच वाद पुन्हा उघडायला जागा मिळते.

नोटीस काढण्याचा आदेश 3 डिसेंबरला झाला. या टप्प्यावर एक बारीक गोष्ट बरीच प्रकरणे बुडवते. आदेशात साधारणपणे लिहिलेले असते की सात कार्यदिवसांत प्रोसेस फी (नोटीस पाठवण्याचे शुल्क) भरावी, न भरल्यास याचिका पीठापुढे न जाताच फेटाळली जाईल. पक्षकाराला वाटते नोटीस निघाली. वकिलाच्या मुनशीला वाटते पुढच्या आठवड्यात भरू. आठव्या दिवशी याचिका नाही. मग ती पुनर्स्थापित करायला एम.सी.सी. (किरकोळ दिवाणी अर्ज) लावायची, आणि तोवर कलम 20 चे वर्ष उलटले असेल तर पाय अधिकच घसरतो. रजिस्ट्रीने काढलेल्या त्रुटी न भरल्यानेही असेच होते. कोर्टाच्या संकेतस्थळावर प्रकरणाची स्थिती आठवड्यातून एकदा स्वतः पाहणे हे पक्षकाराचे काम आहे.

पालन अहवाल आणि 58 महिने

पहिल्या तारखेला, 10 जानेवारी 2025 रोजी, सरकारी वकिलांनी वेळ मागितला. 24 जानेवारीला पालन अहवाल आला. सोबत 20 जानेवारीचा आदेश: 1 जुलै 2018 ची वेतनवाढ काल्पनिकरीत्या मंजूर, आर्थिक लाभ 1 मे 2023 पासून. कारण म्हणून सर्वोच्च न्यायालयाचा 6 सप्टेंबर 2024 चा आदेश दाखवला. मे 2023 ते जानेवारी 2025 असे 21 महिन्यांचे पैसे खात्यात जमा झाले. जुलै 2018 ते एप्रिल 2023 या 58 महिन्यांचे नाहीत. म्हणजे 58,000 रुपये आणि त्यावरची त्या त्या महिन्याच्या दराने महागाई राहत.

इथे प्रकरण खऱ्या अर्थाने अवघड होते. एम. सिद्धराज प्रकरणातल्या त्या आदेशाने (जो 20 फेब्रुवारी 2025 रोजी काही बदलांसह अंतिम झाला) निवृत्तांचे गट पाडले आहेत. जे कोर्टात गेलेच नाहीत त्यांना वाढीव पेन्शन 1 मे 2023 पासून. ज्यांची याचिका मंजूर झाली त्यांना त्यांच्या निकालाप्रमाणे, कारण तो निकाल त्या दोन पक्षांपुरता अंतिम आहे. पण हे दुसरे कलम तिथे लागू नाही, जिथे निकालाला अंतिमता आलेली नाही किंवा अपील होऊन वरच्या न्यायालयाने ते विचारात घेतले आहे. आणखी एक तरतूद आहे: आधीच जास्तीची रक्कम दिली गेली असेल तर ती वसूल करायची नाही.

खात्याने बाईंना पहिल्या गटात टाकले होते. तो चुकीचा गट होता; 24 जानेवारीपर्यंत तरी कोणतेही अपील नव्हते. पण अवमानात प्रश्न ‘चूक की बरोबर’ असा येत नाही, ‘हेतुपुरस्सर की नाही’ असा येतो. कलम 2(ब) मध्ये दिवाणी अवमानाची व्याख्या न्यायालयाच्या आदेशाची हेतुपुरस्सर अवज्ञा अशी आहे. आदेशाचे दोन प्रामाणिक अर्थ निघत असतील आणि अधिकाऱ्याने एक धरला असेल, तर शिक्षा होत नाही. सरकारी वकिलांनी नेमका तोच पवित्रा घेतला: सर्वोच्च न्यायालयाच्या आदेशाचा आम्ही असा अर्थ लावला, तो चुकला असेल तर परिहार निकालाप्रमाणे नवी रिट करा.

14 फेब्रुवारीला बाईंच्या बाजूने हरकत दाखल झाली. तीत भाषणबाजी नव्हती. तीन स्तंभांचा तक्ता होता: आदेशातले वाक्य, अहवालातले वाक्य, राहिलेला भाग. पहिल्या स्तंभात ‘1 जुलै 2018 रोजी देय झालेली वेतनवाढ’ आणि ‘फरकाची रक्कम’. दुसऱ्यात ‘1 मे 2023 पासून’. तिसऱ्यात 58 महिने, महिनावार रकमा आणि 6 टक्के व्याज. मुद्दा एवढाच की मूळ आदेशाने अधिकाऱ्याला विचार करायचे काम दिलेलेच नव्हते. कोणती वेतनवाढ आणि कोणती रक्कम, हे ठरवून दिले होते. जिथे विवेकाला जागाच ठेवलेली नाही तिथे परिहार निकाल लागत नाही. मूळ आदेश ‘विचार करा’ असा असता तर हाच तक्ता निरुपयोगी ठरला असता.

त्याच हरकतीत ग्रॅच्युइटीचे 33,000 रुपयेही मागितले होते. ते टिकले नाही आणि टिकायला नकोच होते. सुधीर वासुदेव विरुद्ध एम. जॉर्ज रविशेखरन (2014) प्रमाणे अवमान न्यायालय मूळ आदेशाच्या चार भिंतींबाहेर जाऊन नवा लाभ देत नाही. वाईट गोष्ट ही की असली जास्तीची मागणी घातल्याने समोरच्याला ‘याचिकाकर्ती आदेशापलीकडचे मागते आहे’ असे म्हणायची आयती संधी मिळते आणि खऱ्या 58 महिन्यांवरचे लक्ष उडते.

उशिराचे अपील

10 मार्च 2025 रोजी राज्याने रिट अपील दाखल केले, सोबत विलंब माफीचा आणि स्थगितीचा अर्ज. राज्यात एकल पीठाच्या रिट आदेशावर युगलपीठाकडे (दोन न्यायमूर्तींच्या पीठाकडे) अपीलाची तरतूद 2005 च्या राज्य कायद्याने आहे आणि त्याची मुदत 45 दिवस. इथे उशीर साडेचारशे दिवसांहून जास्त होता. अवमानाची नोटीस आल्यावर अपील सुचणे ही काही विरळ गोष्ट नाही.

आता सिद्धराज आदेशातली ती अट आठवावी. अपील विचारात घेतले गेले असते तर बाईंचा ‘अंतिम निकाल’ हा आधार सुटला असता आणि 58 महिने धोक्यात आले असते. मार्च ते नोव्हेंबर 2024 हे आठ महिने ‘फाइल हलली’ या समाधानात घालवण्याची किंमत इथे दिसते. फेब्रुवारी 2024 मध्येच अवमान याचिका लागली असती तर तेव्हा सप्टेंबरचा आदेश जन्मलेलाही नव्हता, आणि एकदा मिळालेले पैसे परत घेता येणार नव्हते.

24 मार्चला अवमान पीठापुढे सरकारने तहकुबी मागितली: अपील प्रलंबित आहे. नुसते अपील दाखल करणे म्हणजे स्थगिती नव्हे, हे दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 41, नियम 5 चे जुने तत्त्व. मात्र स्थगितीचा अर्ज खरोखर पुढे असेल तर आधी त्याची सुनावणी होऊ द्यावी, असे सर्वोच्च न्यायालयाने मॉडर्न फूड इंडस्ट्रीज विरुद्ध सच्चिदानंद दास (1995) मध्ये म्हटले आहे. त्यामुळे अशा वेळी अनुभवी वकील तहकुबीला सरसकट विरोध करत नाहीत. मुदत बांधून मागतात. तसेच झाले: चार आठवड्यांत स्थगिती आणा किंवा पैसे द्या, नाहीतर जिल्हा शिक्षण अधिकाऱ्यांनी व्हिडिओ कॉन्फरन्सिंगने हजर राहावे.

हजेरी व्हिडिओवर का, याचेही कारण आहे. उत्तर प्रदेशातल्या एका प्रकरणात 3 जानेवारी 2024 रोजी सर्वोच्च न्यायालयाने सरकारी अधिकाऱ्यांना बोलावण्याबाबत कार्यपद्धती घालून दिली. अवमानात आधी नोटीस काढून स्पष्टीकरण मागवावे, लगेच प्रत्यक्ष बोलावू नये. बोलवायचेच तर आधी व्हिडिओचा पर्याय द्यावा. साहेब कोर्टात उभे राहिलेले बघायचे आहेत, एवढ्यासाठी याचिका करणाऱ्यांची त्यामुळे निराशा होते.

21 एप्रिलला युगलपीठाने विलंब माफीचा अर्ज फेटाळला, त्याबरोबर अपीलही. फाइल या टेबलावरून त्या टेबलावर जाण्यात वेळ गेला, हे सरकारचे नेहमीचे कारण पुरेसे नाही, हे पोस्टमास्टर जनरल विरुद्ध लिव्हिंग मीडिया (2012) पासून न्यायालये सांगत आली आहेत. तरी प्रत्येक वेळी असेच होते असे नाही. विलंब माफ होणारी अपीले पुष्कळ असतात, आणि म्हणून बाईंच्या वकिलांनी अपिलात हजर राहून विरोधाचे लेखी उत्तर दिले होते. अवमानाच्या तारखांकडे लक्ष ठेवून अपिलाकडे दुर्लक्ष करणे ही नेहमीची गफलत.

निकाली कशी निघाली

उन्हाळी सुटीनंतर, जुलै 2025 मध्ये, 58 महिन्यांची रक्कम आणि व्याज जमा झाल्याचा दुसरा पालन अहवाल आला. जुन्या आणि नव्या दोन्ही अधिकाऱ्यांनी शपथपत्रावर बिनशर्त माफी मागितली. 14 जुलै रोजी याचिका निकाली निघाली. आरोप निश्चित झाले नाहीत, कोणाला शिक्षा नाही.

शिक्षा झाली असती तरी काय झाली असती? कलम 12 प्रमाणे जास्तीत जास्त सहा महिने साधी कैद, किंवा 2,000 रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. दिवाणी अवमानात दंडाने भागण्यासारखे नसेल तरच कैद. माफी न्यायालयाला पटली तर शिक्षा माफ. दंड सरकारजमा होतो, याचिकाकर्त्याला त्यातला पैसाही मिळत नाही. नुकसानभरपाईही अवमानात नाही. बाईंच्या हातात जास्तीचे जे काही पडले ते मूळ आदेशातल्या 6 टक्क्यांच्या ओळीमुळे: 58,000 वर महिन्याला 290 रुपये, महागाई राहतीवरचे वेगळे. ती ओळ नसती तर दीड वर्षाच्या उशिराची किंमत शून्य होती.

याचिका फेटाळली गेली असती तर बाईंना कलम 19 खाली अपीलही नव्हते. मिदनापूर पीपल्स को-ऑपरेटिव्ह बँक विरुद्ध चुनीलाल नंदा (2006) प्रमाणे ते अपील फक्त शिक्षा झालेल्यासाठी आहे. याचिकाकर्त्यापुढे घटनेच्या अनुच्छेद 136 खाली दिल्लीचा, म्हणजे सर्वोच्च न्यायालयाचा, रस्ता उरतो. म्हणून निकाली काढणाऱ्या आदेशाचे शब्द त्याच दिवशी पाहावेत. ‘पालन झाले’ असे नोंदवले गेले आणि प्रत्यक्षात रक्कम कमी असेल तर लगेच बोलावे लागते. ‘आणखी 30 दिवस देऊन निकाली’ असा आदेश होणार असेल तर याच याचिकेचे पुनरुज्जीवन करण्याची मुभा नोंदवून मागावी. नाहीतर दुसरी याचिका करताना पहिले वर्ष संपलेले असते आणि सगळा भार दुसऱ्या आदेशातल्या नव्या मुदतीवर पडतो.

बाईंच्या बाबतीत 14 जुलैनंतरही तीन कामे उरली. ग्रॅच्युइटीसाठी वेगळे निवेदन, आणि नाकारले तर वेगळी रिट. त्यात सात वर्षांचा उशीर का, याचे उत्तर द्यावे लागेल. सुधारित पीपीओवर मूळ पेन्शन 34,500 आहे आणि कुटुंबनिवृत्तिवेतनाचा आकडाही बदलला आहे, हे पाहणे. फरकाची रक्कम आली तरी पीपीओ जुनाच राहिल्याने पुढच्या महिन्यांत पेन्शन पुन्हा मूळपदावर येते, असे घडते. आणि आयकर: मागच्या वर्षांची थकबाकी एकदम आल्याने कर वाढत असेल तर आयकर कायदा, 1961 च्या कलम 89 ची सूट मिळते, पण त्यासाठी विवरणपत्राआधी फॉर्म 10-ई ऑनलाइन भरावा लागतो, वर्षवार फोड देऊन. ही फोड हरकतीतल्या त्या महिनावार तक्त्यात तयारच होती.